नाना शंकरशेट आणि पंचाचे आसन

आमच्या नोकरीच्या काळात आम्हांस अनेकदा पंच शोधत हिंडावे लागले आहे. एखाद्या जागेची झडती घ्यावयाची तर त्या परिसरातील निदान दोन तटस्थ व प्रतिष्ठित रहिवासी साक्षीस हजर असावेत, असा कायद्याचा दंडक आहे. कागदावर हा दंडक दोन ओळींचा आहे. परंतु ते दोन गृहस्थ मिळविताना अर्धा दिवस कसा जातो, हे ज्याने अनुभवले त्यासच ठाऊक. देवनहळ्ळीस आमची बदली झाली तेव्हा वाटले होते की, किल्ल्याभोवतीचे हे जुने गाव आणि २००८ साली विमानतळ सुरू झाल्यापासून त्याच्या अवतीभवती वसलेली सुशिक्षित वस्ती, दोन्हींतून माणसे सहज मिळतील. तसे झाले नाही. कोणास मुलाला शाळेतून आणावयाचे असे, कोणाचे पथ्यपाणी असे, आणि कोणी नुसतेच हात जोडत. त्यांत कानडी होते, तेलुगू होते आणि शुद्ध मराठीत नकार देणारेही होते.

आम्ही मनातून या सर्वांना नावे ठेवीत असू. पुढे एका संध्याकाळी बल्लारी रस्त्याने घरी परतताना आमच्या डोळ्यांदेखत एका दुचाकीस्वारास मोटारीने उडविले. जखमीस रिक्षात घालण्यास आम्ही हात लावला; पण पोलीस हवालदाराने वही काढून कोणी पाहिले असे विचारले, तेव्हा आम्ही गर्दीत दोन पावले मागे सरलो. कोर्टाच्या तारखा, रजेचे अर्ज, परक्या मुलखातील भाषा, हे सारे त्या क्षणी डोळ्यांसमोर उभे राहिले. घरी आल्यावर जेवण गेले नाही. इतरांनी आम्हांस दिलेली सर्व कारणे आम्ही स्वतःस दिली होती.

मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी एखाद्या थोर पुरुषाचे चरित्र लिहावे, असा चिटणीसांचा आग्रह झाला, तेव्हा म्हणूनच आम्हांस नाना शंकरशेट आठवले. मुंबईचे शिल्पकार म्हणून त्यांचे नाव सर्वांस परिचित आहे. शाळा, आगगाडी, कायदेमंडळ या गोष्टींशी ते जोडलेले असते. परंतु त्यांच्या आयुष्यातील एक गोष्ट आज सहसा कोणी सांगत नाही. ज्या कामापासून आपण चार हात दूर पळतो, ते पंचाचे आणि न्यायाच्या आसनावर बसण्याचे काम आपल्या लोकांस मिळावे, म्हणून या माणसाने सरकारकडे भांडून मागणी केली होती.

जगन्नाथ शंकरशेट मुरकुटे हे त्यांचे पूर्ण नाव. एकोणिसाव्या शतकाच्या अगदी आरंभी त्यांचा जन्म झाला. ठाणे जिल्ह्यातील मुरबाडशी नाते सांगणारे हे दैवज्ञ ब्राह्मण घराणे नानांच्या आधीच्या पिढ्यांत पोटापाण्यासाठी मुंबईत आले आणि व्यापारात स्थिरावले. म्हणजे नानांचे घराणेही मूळ मुंबईचे नव्हे. आपल्यासारखेच गाव सोडून आलेले. या घराण्यातील पूर्वज गणबाशेट यांच्यावरून कोटातील एका रस्त्यास गनबो स्ट्रीट हे नाव पडले, असे मुंबईच्या इतिहासकारांनी नोंदविले आहे. परगावाहून आलेल्या कुटुंबाचे नाव रस्त्यास लागावे, इतके ते त्या शहराचे झाले होते.

१८२२ साली वडील शंकरशेट वारले. विशीच्या आसपासच्या नानांवर पेढीचा सगळा भार आला. पैसा भरपूर होता आणि तो वाढविण्याची अक्कलही होती. त्या वयातील धनिकपुत्रास एवढ्यावर आयुष्य सुखाने काढता आले असते. परंतु त्या सुमारास मुंबईचे गव्हर्नर माउंट्स्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी हिंदी मुलांच्या शिक्षणाचे काम हाती घेतले होते आणि नाना त्या मंडळींत ओढले गेले. १८२७ साली एल्फिन्स्टन निवृत्त होऊन गेले, तेव्हा त्यांच्या स्मारकासाठी मुंबईकरांनी दोन लाखांहून अधिक रुपयांचा निधी उभारला व तो पुतळ्यापेक्षा अध्यापनाच्या कामी लावला. त्यातूनच पुढे एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशन उभी राहिली. या सर्व उद्योगात नाना अग्रभागी होते.

याच वर्षांत ज्यूरीचा प्रश्न निर्माण झाला. तो नीट समजण्यासाठी त्या काळची न्यायव्यवस्था थोडी ध्यानात घेतली पाहिजे. १८२३ च्या सनदेने मुंबईस सुप्रीम कोर्ट मिळाले आणि पुढील वर्षी ते प्रत्यक्ष सुरू झाले. तेथील फौजदारी काम इंग्लंडच्या रीतीने चाले. तेवीसपर्यंत सभासद असलेली ग्रँड ज्यूरी प्रथम आरोप पाहून खटला चालविण्याजोगा आहे की नाही हे ठरवी. खटला उभा राहिला की बारा जणांची लहान ज्यूरी पुरावा ऐकून आरोपी दोषी की निर्दोष याचा कौल देई. न्यायाधीशाने कायदा सांगावा आणि वस्तुस्थितीचा निर्णय मात्र नागरिकांनी द्यावा, हे त्या पद्धतीचे मर्म. पण हे नागरिक कोण? मुंबईत मूठभर गोरे लोक होते. शहरातील बाकीच्या प्रचंड वस्तीच्या जीविताचा व अब्रूचा कौल तेच मूठभर लोक देत असत.

१८२६ साली ब्रिटिश पार्लमेंटने नवा ज्यूरी कायदा केला. कलकत्ता, मद्रास व मुंबई या तीन शहरांतील लायक रहिवाशांस ज्यूरीत बसता येईल असे त्यात ठरले. दार किलकिले झाले. परंतु त्याच कायद्याने एक अट घातली. ग्रँड ज्यूरीत केवळ ख्रिस्ती असावेत आणि ख्रिस्ती आरोपीचा खटला असेल तर लहान ज्यूरीही पूर्णपणे ख्रिस्ती असावी. याचा अर्थ असा की, ख्रिस्ती मनुष्य हिंदूचा, मुसलमानाचा किंवा पारशाचा न्याय करू शकेल. पण यांपैकी कोणी ख्रिस्ती माणसाचा न्याय करू शकणार नाही. फाशीच्या किंवा काळ्या पाण्याच्या शिक्षेचा कौल देताना माणसाची सचोटी पाहावयाची की त्याचे प्रार्थनास्थळ, असा हा सरळ प्रश्न होता.

कलकत्त्यास राजा राममोहन रॉय यांनी या कायद्याविरुद्ध आवाज उठविला. हिंदू व मुसलमान दोघांच्या सह्यांचे अर्ज विलायतेस गेले. मुंबईतूनही हिंदी रहिवाशांनी पार्लमेंटकडे दाद मागितली आणि त्या मंडळींत नाना शंकरशेट होते. त्यांचे वय तेव्हा तिशीच्या आत-बाहेर. मागणी दुहेरी होती: ग्रँड ज्यूरीत धर्माचा भेद नसावा आणि जस्टिस ऑफ दि पीस, म्हणजे आपण ज्यास जे. पी. म्हणतो, तो हुद्दा हिंदी माणसांसही मिळावा. कंपनीच्या संचालकांचा या सुधारणेस विरोध होता. तथापि बोर्ड ऑफ कंट्रोलचे अध्यक्ष चार्ल्स ग्रँट यांनी विधेयक पुढे नेले आणि ऑगस्ट १८३२ मध्ये ते मंजूर झाले. ज्यूरीतील ख्रिस्ती धर्माची अट गेली व तिन्ही शहरांत हिंदी लोकांस जे. पी. होण्याचा मार्ग खुला झाला.

या मागणीचे स्वरूप ध्यानात घेण्यासारखे आहे. ती पगाराची, जमिनीची वा जकातमाफीची नव्हती. ज्यूरीचे काम म्हणजे धंदा सोडून कोर्टात दिवसचे दिवस बसावयाचे आणि अखेरीस परक्या माणसाच्या प्राणाचा निर्णय आपल्या शिरावर घ्यावयाचा. पेढीवाल्या माणसास यात तोटाच अधिक. तरीही हे ओझे आम्हांस द्या असे या मंडळींनी म्हटले, कारण जो न्यायाचे ओझे उचलीत नाही तो शहरात राहतो खरा, पण शहराचा होत नाही, हे त्यांनी ओळखले होते.

या मोठेपणाची मर्यादाही सांगितली पाहिजे. त्या काळी ज्यूरीत अथवा जे. पी. म्हणून बसणारे हिंदी गृहस्थ हे शेठ-सावकार होते. गिरण्या अजून यावयाच्या होत्या. पण गोदीतील हमाल, कोळी, कारागीर हे सारे होतेच आणि त्यांस तेथे स्थान नव्हते. स्त्रियांचा तर विचारही कोणाच्या मनात नव्हता. नानांनी उघडलेले दार अरुंद होते. परंतु ते बंद असताना कोणासच आत जाता येत नव्हते, हेही तितकेच खरे.

१८३४ च्या सुमारास मुंबईत हिंदी जे. पीं.ची पहिली तुकडी नेमली गेली. जमशेटजी जिजीभाई, फ्रामजी कावसजी यांच्या जोडीने नाना त्यांत होते. आज जे. पी. हे केवळ शोभेचे बिरुद वाटते; त्या काळी तसे नव्हते. महानगरपालिका अस्तित्वात यावयाची होती. रस्ते, सफाई, घरपट्टीची आकारणी, दारूचे परवाने अशी शहराची नाना कामे या जस्टिसांच्या बैठकीत येत. गटार कोठून काढावे यावर वाद घालण्यात कसलीही कीर्ती नसते. तरीही नानांनी हे काम वर्षानुवर्षे केले. ज्या १८६५ साली ते निवर्तले, त्याच वर्षी मुंबईच्या नव्या कायद्याने या जस्टिसांच्या मंडळास नगरकारभार करणाऱ्या संस्थेचे रूप दिले आणि १८७२ साली त्यातूनच करदात्यांनी निवडलेले सभासद असलेली महापालिका जन्मास आली.

शहराची जबाबदारी एकदा अंगावर घेतली की ती एका ठिकाणी थांबत नाही, हे नानांच्या पुढील आयुष्यावरून दिसते. १८४५ पासून मुंबईत आगगाडी आणण्याच्या खटपटीत ते होते. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेच्या येथील समितीवर त्यांनी काम केले आणि १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे ही गाडी धावली. १८४८ साली एल्फिन्स्टनच्या प्राध्यापक-विद्यार्थ्यांनी स्थापिलेल्या सभेने पुढील वर्षी मुलींच्या शाळा काढल्या, तेव्हा जागा देण्यास कोणी धजेना; नानांनी आपल्या वाड्यात जागा दिली. त्याबद्दल त्यांस स्वकीयांचीच टीका सोसावी लागली. २६ ऑगस्ट १८५२ रोजी बाँबे असोसिएशन स्थापन झाली. तिची धुरा वाहणाऱ्यांत नाना प्रमुख होते. कंपनीच्या सनदेचे नूतनीकरण व्हावयाचे होते आणि राज्यकारभारात हिंदी लोकांस वाटा मिळावा असा अर्ज या संस्थेने पार्लमेंटकडे धाडला. वीस वर्षांपूर्वीची ज्यूरीची मागणी आणि ही मागणी यांचे मूळ एकच होते.

मग १८५७ साल उजाडले. उत्तरेकडील उठावाच्या बातम्यांनी मुंबईचे सरकार भेदरून गेले होते. शहरात कुजबूज सुरू झाली आणि बंडवाल्यांशी संबंध असल्याचा संशय ज्यांच्यावर घेण्यात आला, त्यांत खुद्द नाना होते. पंचवीस वर्षे ज्याने सरकारच्या शेजारी बसून शहराचा कारभार पाहिला, त्याच्याच मागे गुप्त चौकशी लागली. चौकशीतून काहीही निष्पन्न झाले नाही आणि त्यांच्यावरील किटाळ दूर झाले. परंतु त्या दिवसांत त्यांस काय वाटले असेल याची कल्पना करावी. कोणाही माणसास उघड पुराव्यावाचून आणि आपल्या शहरातील माणसांच्या कौलावाचून दोषी ठरवू नये, हे ज्या पद्धतीचे तत्त्व, तिच्यासाठी ते तारुण्यात भांडले होते. त्या तत्त्वाची किंमत आता त्यांस स्वतःच्या अंगावर कळली. दुसरा एखादा असता तर रुसून घरी बसता. नानांनी सार्वजनिक काम सोडले नाही. १८६२ साली मुंबईच्या कायदेमंडळावर त्यांची नेमणूक झाली. तेथेही ते हिंदी रहिवाशांची बाजू मांडीत राहिले. ३१ जुलै १८६५ रोजी त्यांचे देहावसान झाले.

त्यांच्या नावाची संस्कृत शिष्यवृत्ती मॅट्रिकच्या परीक्षेत पुढे कित्येक पिढ्यांस भूषणावह वाटली. १९१२ साली ती मिळविणारे चिंतामणराव देशमुख पुढे रिझर्व्ह बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर झाले. मुंबईच्या टाउन हॉलमध्ये नानांचा संगमरवरी पुतळा आहे. परंतु आम्हांस त्यांचे खरे स्मारक दुसरीकडे दिसते. १८९७ साली लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा पहिला खटला मुंबई हायकोर्टात चालला. ज्यूरीत नऊ जण होते. सहा युरोपियनांनी दोषी म्हटले आणि तीन हिंदी सभासदांनी निर्दोष. १९०८ साली पुन्हा खटला झाला. तेव्हा सात विरुद्ध दोन असा कौल पडला आणि टिळक मंडालेस गेले. दोन्ही वेळा बहुमताने शिक्षा झाली हे खरे. पण त्या तिघांनी व त्या दोघांनी भर कोर्टात दिलेला नकार इतिहासात नोंदला गेला. तो नोंदविण्यासाठी त्या बाकावर हिंदी माणूस बसलेला असणे आवश्यक होते, आणि तो तेथे बसावा म्हणून नानांच्या पिढीने अर्ज केले होते.

पुढे ही पद्धत आपल्या देशातून गेली. १९५९ साली मुंबईत नौदल अधिकारी नानावटी यांच्या खटल्यात ज्यूरीने आठ विरुद्ध एक असा निर्दोषतेचा कौल दिला. न्यायाधीशांस तो पटला नाही. त्यांनी प्रकरण हायकोर्टाकडे पाठविले. हायकोर्टाने आरोपीस दोषी ठरविले आणि १९६१ साली सुप्रीम कोर्टाने तो निर्णय कायम केला. वर्तमानपत्रांच्या गदारोळात ज्यूरीचे मन किती डळमळू शकते याची चर्चा तेव्हा फार झाली. विधी आयोगाने तर १९५८ सालीच ज्यूरी बंद करण्याची शिफारस केली होती. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत, जी १ एप्रिल १९७४ पासून अमलात आली, ज्यूरीस स्थान उरले नाही. पारशी विवाहविषयक दाव्यांत समाजातील पंच बसतात, तेवढाच काय तो तिचा अवशेष. आपल्यापैकी ज्यांची मुले अमेरिकेत स्थायिक होऊन तेथील नागरिक झाली आहेत, त्यांस टपालाने ज्यूरीचे बोलावणे येते आणि ती मुले फोनवर कुरकुर करतात, असे आम्ही ऐकतो. मनुष्यस्वभाव सर्वत्र सारखाच.

ज्यूरी गेली म्हणून नागरिकाचे आसन गेले काय? आमच्या मते गेले नाही. ते न्यायासनाखालून उठून आपल्या दाराशी आले आहे. झडतीच्या वेळी पंच लागतात. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या नव्या संहितेतही ती तरतूद कायम आहे आणि सबळ कारणावाचून पंच होण्याचे नाकारणे हा आजही अपराध आहे. ते दोन पंच नसतील तर निरपराध माणसाच्या घरात कोणी काहीही आणून ठेवावे आणि सापडले असे म्हणावे. म्हणजे पंच हा केवळ सरकारचा मदतनीस नव्हे. तो झडती होणाऱ्या माणसाचाही रखवालदार आहे. साक्षीदाराचे तेच, मतदारयादीचे तेच, आपल्या वसाहतीच्या वार्षिक सभेचेही तेच. १९७६ साली राज्यघटनेत मूलभूत कर्तव्ये घालण्यात आली. परंतु जी माणसे कर्तव्य मागून घेत होती, त्यांस कलमाची गरज पडली नव्हती.

आपण परमुलखात राहणारी माणसे. गणपती बसवितो, दिवाळी अंक मागवितो, नाटक आले तर दूरवरून जातो. आणि हे सारे केलेच पाहिजे. परंतु या गावाचे प्रश्न निघाले की आपण पाहुण्यासारखे अंग काढून घेतो. येथील तलाव, येथील रस्ता, येथील कोर्ट हे येथल्यांचे, आपण काय, आज आहोत उद्या नाही, असे म्हणत तीस-तीस वर्षे काढतो. देवनहळ्ळीचे पपनस बाजारात आले की आपण आपुलकीने घेतो आणि पाहुण्यांस आमचे म्हणून खिलवितो. मग देवनहळ्ळीची साक्ष तेवढी परकी कशी? मुरबाडहून आलेल्या घराण्यातील माणूस मुंबईचा नाना शंकरशेट झाला, तो तेथे किती पिढ्या राहिला यामुळे नव्हे. त्या गावाचे ओझे त्याने मागून घेतले म्हणून.

बल्लारी रस्त्यावरील त्या अपघातानंतर चौथ्या दिवशी आम्ही पोलीस ठाण्यात गेलो आणि मोडक्यातोडक्या कानडीत आपले नाव, पत्ता व पाहिलेली हकीकत सांगितली. ठाणेदारांनी ती लिहून घेतली. उशीर झाला होता आणि त्याबद्दल त्यांनी दोन शब्द सुनावलेही. ते आम्ही ऐकून घेतले. कोर्टाची तारीख अजून पडावयाची आहे. ती पडली की रजेचा अर्ज टाकून आम्ही हजर राहणार आहोत.